मुंगीच्या दोन टोप्या

३ फेब्रुवारी, शनिवार

वकीलबाईंनी वही ठेवायला सांगितली. तारीख, वेळ, काय घडलं, कोण हजर होतं. "त्यात भावना नकोत," म्हणाल्या. "भावना आल्याच तर वेगळ्या वहीत लिहा, आणि ती वही मला दाखवू नका." म्हणून येताना दोन वह्या घेतल्या. निळी त्यांची, ही माझी. निळीत आज दीड पान भरलं. या वहीत काय लिहायचं ते अर्धा तास झाला सुचत नाही.

निदान काय चाललंय ते तरी लिहितो. मुंगीच्या आईला दुसऱ्या शहरातल्या मोठ्या इस्पितळात नोकरी मिळाली आहे, फिजिओथेरपिस्टची. तिची आईही तिथेच राहते. इथून बसने नऊ तास. तिला मुंगीला बरोबर न्यायचं आहे आणि त्यासाठी कौटुंबिक न्यायालयाची परवानगी लागते. मी आडवा आलो आहे. तुला जायचं तर जा, पोरगी माझ्याकडे राहील, असं माझं म्हणणं. आम्ही वेगळे राहायला लागून पावणेदोन वर्षं झाली. सोमवार ते शुक्रवार मुंगी तिच्याकडे, शनिवार-रविवार माझ्याकडे, असं आजवर विनातक्रार चाललं होतं. मुंगी आठ वर्षांची आहे. जन्मली तेव्हा दोन किलोसुद्धा भरली नव्हती, म्हणून मुंगी. खरं नाव आता फक्त शाळेच्या आणि कोर्टाच्या कागदांवर दिसतं.

जो नीट लिहून ठेवतो त्याचं पारडं जड होतं, असं वकीलबाई म्हणाल्या. नीट लिहिणं मला जमेल.

६ फेब्रुवारी, मंगळवार

माझं काम दात करायचं. दंतवैद्य लोकांच्या तोंडाचे साचे लॅबमध्ये पाठवतात आणि मी त्यावरून कवळ्या, कॅपा, ब्रिज तयार करतो. माणूस कधी दिसत नाही, जबडा दिसतो. कोण एकाच बाजूने चावतो, कोण पेन चघळतो, कोण दिवसभर दात आवळून बसतो, सगळं कळतं. एकोणीस वर्षं झाली. प्लास्टरचं काम बघणारे काका लॅबमध्ये माझ्याही आधीपासून आहेत. ते म्हणतात, "तुला जबडे कळतात रे. माणूस बोलायला लागला की तुझी पंचाईत."

रोज संध्याकाळी सात वाजता मुंगीचा फोन येतो. दहा मिनिटं. पहिला प्रश्न ठरलेला.

"बाबा, काय जेवलास?"

"काही नाही. भूक नव्हती."

खरं म्हणजे दुपारी काकांच्या डब्यातला भात आणि घरी आल्यावर दोन अंडी खाल्ली होती. पण ओट्यापाशी उभ्या उभ्या खाल्लेली अंडी म्हणजे काही जेवण नव्हे. ती म्हणाली, "बाबा, जेव ना." किती मायाळू पोरगी. निळ्या वहीत शब्दशः लिहून घेतलं.

११ फेब्रुवारी, रविवार

मुंगीने निघण्यापूर्वी ब्रेडला लोणी लावून सहा जोड्या केल्या, डब्यात भरल्या आणि डब्यावर कागद चिकटवला: 'सोम २, मंगळ २, बुध २'. फ्रिजच्या दारावर दुसरा कागद: 'बाबा पाणी पी.' फोटो काढले. वकीलबाईंना पाठवले. त्यांचं लगेच उत्तर आलं: 'फारच छान. असं अजून काही असेल तर ठेवा.'

तिला सोडून परत आलो आणि मंगळवारच्या दोन आजच खाल्ल्या.

१८ फेब्रुवारी, रविवार

दुपारी मुंगी झोपली होती. मी बाजूला पेपर वाचत होतो. करकर आवाज येऊ लागला. आधी वाटलं, पंखा. मग कळलं की पोरगी झोपेत दात खाते आहे. ओठ उचलून बघितलं. मागच्या दुधाच्या दाढांचे कंगोरे पार सपाट झाले आहेत. साठीच्या माणसाच्या दाढा अशा दिसतात.

आईच्या हे लक्षात कसं आलं नाही? हे निळ्या वहीत मोठ्या अक्षरात लिहिलं.

२४ फेब्रुवारी, शनिवार

गेल्या रविवारी ती निघण्यापूर्वी तिच्या दातांचा साचा घेऊन ठेवला होता; आठवडाभर डबा खायच्या सुट्टीत बसून तिच्यासाठी नाईट गार्ड केला. झोपताना दातांवर चढवायची पारदर्शक खोळ. एक नव्हे, दोन केले, एक इथे आणि एक तिच्या आईकडे. काका म्हणाले, "अरे, तिचे दुधाचे दात पडायचेत अजून. हे कशाला?" मी म्हटलं, दाढा झिजताहेत. ते म्हणाले, "झिजताहेत ते दिसलं मला. का, ते विचारतोय." मी म्हटलं, सवय. काकांनी मान हलवली आणि प्लास्टर कालवायला गेले.

मुंगीला फार आवडले. "दातांची टोपी," म्हणाली. लगेच घालून आरशासमोर उभी राहिली. काम उत्तम झालं आहे, कडा कुठे टोचत नाहीत. दुसरी टोपी डबीत घालून तिच्या आईकडे पाठवली, सोबत चिठ्ठी: 'रोज झोपताना. सकाळी ब्रशने धुणे.'

५ मार्च, मंगळवार

न्यायालयाच्या समुपदेशक बाईंकडे आज माझी पाळी होती. छोटी खोली, काच बसवलेलं टेबल, काचेखाली कुणाकुणाच्या मुलांनी काढलेली चित्रं. मी तयारी करून गेलो होतो. बुटाचं माप, वर्गशिक्षिकेचं नाव, लसींच्या तारखा, कोणते दात पडले, कोणते यायचे. बाईंनी त्यातलं काहीच विचारलं नाही. विचारलं, "मुंगीला राग कशाचा येतो?"

मी विचार केला. "ती चिडत नाही."

"कधीच नाही?"

"माझ्याकडे कधीच नाही."

त्यांनी बराच वेळ काहीतरी लिहिलं. मला वाटतं, चांगलं इम्प्रेशन पडलं.

बाहेर बाकावर तिची आई बसली होती, तिची पाळी माझ्यानंतर. डोळ्यांखाली काळं आलं होतं. मी विचारलं नसताना म्हणाली, "काल डोकंच फिरलं होतं तिचं. गणित करायचं नाही म्हणून दार आपटलं, दोन बशा फोडल्या. मला म्हणते, तू जगातली सगळ्यांत वाईट आई आहेस. पाच मिनिटांनी गळ्यात पडली."

घरी येऊन तिचे शब्द तसेच्या तसे निळ्या वहीत उतरवले. वकीलबाई फोनवर म्हणाल्या, "म्हणजे आईकडे मूल अस्वस्थ, वडिलांकडे शांत. आपल्याला आणखी काय पाहिजे?"

२२ मार्च, शुक्रवार

सुनावणी. पुकारा व्हायला दोन तास लागले. न्यायाधीश बाई पन्नाशीच्या, वरचे पुढचे दोन्ही दात कॅपचे, काम बरं आहे.

वकीलबाईंनी दाढांचा मुद्दा काढला. आईचं मुलीच्या तब्येतीकडे लक्ष नाही, वडिलांनी स्वतः नाईट गार्ड करून दिला, तोही वापरला जात नाही. तेव्हा मुंगीच्या आईने पर्समधून डबी काढली आणि टोपी शिपायाच्या हातात दिली. "रोज घालते ती," म्हणाली. "पण माझ्याकडे दात खातच नाही." वकीलबाईंनी टोपी उजेडात धरली. एकही खूण नाही. माझ्याकडची टोपी त्यांच्या टेबलावरच होती, चार आठवड्यांत चावून चावून पांढरी पडलेली. दोन्ही शेजारी ठेवल्यावर जास्त बोलावं लागलं नाही.

मी हातात घेऊन बघितली नाही. तशी गरज नव्हती. एकोणीस वर्षं हेच करतो आहे, सहा फुटांवरूनही कळतं. न वापरलेली वस्तू ती न वापरलेली वस्तू.

मुंगीची आई माझ्याकडे बघत होती. खोटं उघडं पडलेल्या माणसासारखी दिसत नव्हती, हे खरं. नुसती थकलेली दिसत होती.

१२ एप्रिल, शुक्रवार

न्यायाधीश आज मुंगीशी एकटीशी बोलल्या, त्यांच्या दालनात. चोवीस मिनिटं. आम्ही दोघं बाहेर एकाच बाकावर, मध्ये मुंगीची पाण्याची बाटली. समोर मुलांसाठी केलेली खोली होती. त्यात एक लहान मूल खेळण्यातल्या गाडीची तीनच चाकं फिरवत बसलं होतं. मला भीती वाटायला हवी होती. मी चाकं मोजत होतो.

मुंगी बाहेर आली तेव्हा तिच्या हातात दोन बिस्किटं होती. दोन्ही मला दिली. "बाबा, खा. माझ्यासमोर खा." मी खाल्ली. तिची आई उठून खिडकीपाशी गेली.

३० एप्रिल, मंगळवार

निकाल लागला. ताबा माझ्याकडे. आईला महिन्यातून दोन शनिवार-रविवार आणि अर्ध्या सुट्ट्या. निकालपत्र अकरा पानी आहे. सातव्या पानावर मुंगीचं म्हणणं दिलं आहे: 'मुलीने स्पष्टपणे सांगितले की तिला वडिलांकडे राहायचे आहे. कारण विचारले असता ती म्हणाली की आईकडे आजी आहे, बाबाकडे कोणीच नाही, मी नसले तर तो जेवत नाही.' पुढे लिहिलं आहे की मुलीचा वडिलांवर गाढ जीव असून ती वयाच्या मानाने समजूतदार आहे.

वकीलबाईंनी हात मिळवला. काकांनी लॅबमध्ये सगळ्यांना चहा दिला. मीही प्यायलो. आनंद झाला असणार, पण तो नक्की कुठे झाला ते सापडलं नाही.

४ मे, शनिवार

मुंगी दोन बॅगा घेऊन राहायला आली. आईने सांगितलेल्या गोष्टी मी लिहून घेतल्या: दूध गरम नको, केस ओले असताना विंचरायचे नाहीत, इंजेक्शनच्या आधी खोटं सांगायचं नाही. शेवटी तिने डबी दिली. "हीपण तिची." मग मुंगीला जवळ घेतलं आणि रिक्षात बसली. दोघींपैकी कुणी रडलं नाही. मला वाटलं होतं त्यापेक्षा खूपच सुरळीत पार पडलं.

बॅगा उघडल्या तर निम्म्या रिकाम्या. "बाकीचं?" म्हटलं. "तिकडे असू दे," म्हणाली. "आईला वाटायला नको, मी सगळं नेलं."

१२ मे, रविवार

आठवडा झाला. एक तक्रार नाही. सकाळी हाक न मारता उठते. फ्रिज उघडण्यापूर्वी विचारते. ग्लास दिला की थँक्यू म्हणते. मी जेवायला बसलो की समोर बसते आणि मी घास घेतल्याशिवाय घेत नाही. शेजारच्या काकू म्हणाल्या, "गुणी आहे हो, आहे की नाही ते कळतसुद्धा नाही." दात फार खाते. दुपारीसुद्धा.

आता सातचा फोन आईचा येतो. आज मुंगी गच्चीकडच्या दाराशी उभी राहून आईवर ओरडत होती. "तुला काही कळत नाही! तू माझा निळा फ्रॉक ठेवूनच का घेतलास? मी बोलणारच नाही तुझ्याशी!" फोन ठेवला, डोळे पुसले, आत आली.

"बाबा, तुला पाणी हवंय?"

मी हो म्हटलं. तहान नव्हती.

१६ मे, गुरुवार

माझ्याकडच्या टोपीला चीर गेली. एवढी जाड, तरी आरपार. नवी करायची म्हणून ती लॅबमध्ये नेली, आणि तिच्या आईकडची डबीसकट नेली. म्हटलं, कोरी आहे, तात्पुरती तीच वापरता येईल.

दिव्याखाली भिंग लावून बघितली. कोरी नाही.

कडांना लाळेचा पिवळा थर आहे. आतल्या बाजूला ब्रशचे बारीक चरे आहेत, शेकड्याने. कुणीतरी रोज सकाळी ही टोपी धुतली आहे, दोन महिने. पोरीने ती रोज घातली आहे. फक्त चावली नाही. एकदाही नाही.

काका मागे येऊन उभे होते. त्यांनी दोन्ही उचलल्या, चष्मा वर करून बघितल्या. "या दोन पोरींच्या आहेत का?"

"एकीच्याच."

"मग ही टोपी घालून कुठे झोपते रे? छान झोपते तिथे."

काकांनी टोप्या खाली ठेवल्या, हलक्या हाताने. मी अर्ध्या दिवसाची रजा घेतली आणि बाजारपेठेतून नुसता चालत राहिलो. निकालाचं सातवं पान पाठ झालं आहे, हे तेव्हा कळलं.

१७ मे, शुक्रवार

मुंगी शेजारच्या काकूंकडे खेळायला गेली असताना तिच्या आईला फोन केला.

"टोपी रोज घालत होती का ती?"

"एखाददोन वेळा विसरले असेन. का?"

"एकही खूण नाही त्यावर."

"मी कोर्टात तेच सांगत होते." आवाज चढला नाही. मागे कुठलंतरी यंत्र टिकटिक करत होतं. "आता का विचारतोयस?"

"बघत होतो."

"तिला काय झालंय?"

"काही नाही. काहीच होत नाही तिला. तेच तर."

ती म्हणाली, "मला पेशंट आहे," पण फोन तिने ठेवला नाही. मीच ठेवला.

दोन्ही वह्या काढून पहिल्यापासून वाचल्या. निळी जास्त नीट लिहिली आहे. तिच्यात प्रत्येक पानावर माझी पोरगी मला जेव जेव म्हणते आहे, आणि खाली मी तारीख टाकली आहे.

२१ मे, मंगळवार

वकीलबाईंना विचारलं, जिंकलेल्या माणसाला अर्ज करता येतो का? त्यांनी चष्मा काढला. "तब्येत बरी आहे ना तुमची?" मी टोप्या दाखवल्या आणि समजावून सांगितलं. त्यांनी शेवटपर्यंत ऐकलं. "मार्चमध्ये तुम्ही बघायला हवं होतं," म्हणाल्या. "मीही." मग कागद ओढला. दोघांच्या संमतीने निकाल बदलून घेता येतो.

मला मुंगी हवी आहे. हे इथे लिहून ठेवतो, कारण अर्जात त्याला जागा नाही.

२८ मे, मंगळवार

न्यायाधीश बाईंनी अर्ज वाचला आणि माझ्याकडे बघितलं. "गेल्या महिन्यात मुलगी हवी होती, आता नको?"

"हवी आहे."

"मग?"

मी टोप्या टेबलावर ठेवल्या. "ही माझ्याकडची, ही आईकडची. आईकडची रोज वापरलेली आहे, हे चरे बघा. मार्चमध्ये हीच न वापरलेली आहे असं आम्ही म्हणालो. ते चूक होतं. ती तिकडे शांत झोपते. माझ्याकडे ती ड्युटीवर असते." एवढं एका दमात बोललो.

त्यांनी दोन्ही हातात घेतल्या. खोलीत फक्त टंकलेखकाच्या मशीनचा आवाज होता, मग तोही थांबला. "तुम्ही स्वतः केल्यात?"

"हो."

"काम चांगलं आहे," म्हणाल्या, आणि सही केली. आता सुट्ट्या अर्ध्या माझ्या आणि महिन्यातून एक शनिवार-रविवार, मी तिकडे जाऊन.

मुंगीची आई पायऱ्यांवर थांबली होती. काहीतरी म्हणायचं होतं तिला. शेवटी म्हणाली, "बारीक झालायस." आणि मग आपण काय बोललो ते लक्षात येऊन पायऱ्या उतरू लागली.

१ जून, शनिवार

मुंगीला सांगितलं. जेवणाच्या टेबलावर, दुपारी. तू आईकडे जायचंस, मी येत जाईन.

पहिला शब्द: "आणि तू?"

"मी जेवतो, मुंगी. आधीपासून जेवतो. फोनवर नाही म्हणायचो तेव्हासुद्धा जेवलेलो असायचो."

"रोज?"

"रोज. काकांच्या डब्यातलंपण."

ती माझ्याकडे बघत राहिली. "मग नाही का म्हणायचास?"

इंजेक्शनच्या आधी खोटं सांगायचं नाही. "तू काळजी केलीस की मला बरं वाटायचं."

तिचा चेहरा लाल झाला. "मी त्या बाईंना सांगितलं! मी त्यांना सांगितलं तू जेवत नाहीस! तुझ्यामुळे मी कोर्टात खोटं बोलले!" ताट ढकललं, ते खाली गेलं. खुर्चीला लाथ मारली. खोटारडा म्हणाली, घाणेरडा म्हणाली, आणखी एक शब्द म्हणाली जो तिला कुठून कळला माहीत नाही. माझ्या दंडावर दोन्ही मुठींनी मारत राहिली. लहान मुठी, पण लागत होतं. मी हात मागे घेतला नाही.

मग भात गोळा करून फरशी पुसली. ती खोलीत जाऊन झोपली. मी दाराबाहेर खुर्ची टाकून दीड तास ऐकत बसलो. आवाज आला नाही.

८ जून, शनिवार

आठवडाभर ती माझ्याशी कामापुरतं बोलली. सामान मात्र स्वतः भरलं. सगळं. कपडे, चित्रं, रंगपेटी, न्हाणीघरातला पिवळा मग, पलंगाखालची एकच चप्पल. पडदापण काढून मागितला, तो मी धुऊन दिला. दोन बॅगांच्या पाच झाल्या. "काही असू दे ना इथे," मी म्हणून पाहिलं. "का?" म्हणाली. "माझं आहे."

आई न्यायला आली होती. बस दहाची. मुंगी खिडकीशी बसली आणि फुगवलेल्या गालांनी समोर बघत राहिली. बस हलली तेव्हा आई तिला काहीतरी म्हणाली, बहुतेक बाबाला टाटा कर. तिने केला नाही. तिच्या मनात नव्हतं, म्हणून केला नाही.

घरी आलो. तिची खोली झाडण्यासारखी उरलेली नव्हती, तरी झाडली. मग तिच्या उघड्या गादीवर बसून रडलो. सकाळी साडेअकरा ते बारा वाजून दहा मिनिटं. हजर कोणी नव्हतं.